कापणीच्या आधी बोललेलं खरं: केळीच्या पॅकहाऊसमधलं एक प्रकरण

जळगाव जिल्ह्याच्या रावेर-सावदा पट्ट्यातल्या, आखाती देशांत केळी पाठवणाऱ्या एका पॅकहाऊसमधलं हे प्रकरण आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. माणसांची नावं न देता तिथं सगळे ज्या हाकेनं बोलवतात त्याच हाका ठेवल्या आहेत: आबा, भाऊ, ताई.

पार्श्वभूमी

पॅकहाऊस भागीदारीत चालतं. पैशाचा आणि खरेदीदाराचा व्यवहार आबांकडे. रोजची कापणी, मजुरांच्या टोळ्या, गाड्या आणि कंटेनर वेळेवर सुटणं हे मॅनेजर भाऊंकडे. ताई गुणवत्ता पर्यवेक्षक. वय सव्वीस, कृषी पदवीधर, माहेर अमळनेरकडचं, घरची बोली अहिराणी. घडांचं माप घेणं, फण्या तपासणं, लॉट शीट, म्हणजे त्या मालाच्या नोंदीचा कागद, भरणं आणि शेवटी त्यावर सही करणं हे तिचं काम.

तिचा स्वभाव पहिल्यापासून रोखठोक. खराब फणी दिसली की शेतकरी समोर असो वा आबा, ती तिथंच म्हणायची, “हाई फणी बाद शे.” रावेरकडे लेवा गणबोली चालते, त्यामुळे तिच्या अहिराणीवर आधी हसू झालं आणि मग तक्रार आली. भाऊंनी तिला बाजूला घेऊन समजावलं: “पोरीच्या जातीनं जरा गोड बोलावं. शेतकऱ्यासमोर असं तोंडावर बोललं की तो पुढचा प्लॉट दुसऱ्याला देतो.”

भाऊंच्या बोलण्यात व्यवहाराचा मुद्दा खरा होता. शेतकऱ्याला चारचौघांत त्याचा माल बाद म्हटलेला आवडत नाही, आणि या भागात प्लॉट मिळवायला चढाओढ असते. पण त्यांनी दुरुस्ती सांगितली ती बोलण्याच्या जागेची नाही, माणसाची. ताईनं ती मनावर घेतली. दोन-तीन महिन्यांत ती शुद्ध मराठी बोलायला लागली, प्रत्येक वाक्याआधी “सॉरी हं भाऊ” आणि शेवटी “बघा, तुम्हाला जसं वाटेल तसं.” सगळे म्हणाले, ताई सुधारली.

अडचण

ही अडचण कळायला केळीचं थोडं गणित माहीत हवं.

निर्यातीचा घड पूर्ण भरायच्या आधी, साधारण पाऊण भरलेला असताना कापतात. माप कॅलिपरनं, म्हणजे जाडी मोजायच्या चिमट्यानं घ्यायचं. घडाच्या वरून दुसरी फणी, तिच्या बाहेरच्या ओळीतलं मधलं केळं, आणि त्याची मधोमध जाडी. या पॅकहाऊसच्या खरेदीदाराला ४० ते ४६ मिलिमीटर हवं होतं. जोडीला डोळ्यांनीही पाहतात. केळ्याच्या धारा, म्हणजे अंगावरच्या कडा, अजून दिसतात की अंग गोल झालंय, आणि केळं आडवं कापलं तर गर पांढरा आहे की मध्ये पिवळसर झाक आलीय.

जास्त भरलेलं केळं पॅकहाऊसमध्ये हिरवंगारच दिसतं. दोष मागाहून कळतो. माल १३ ते १४ अंश सेल्सिअसला ठेवतात. त्याखाली गेलं तर साल धुरकट, काळपट होते, म्हणून आणखी थंड करून वेळ वाढवता येत नाही. खोक्यातलं एक केळं पिकायला लागलं की ते इथिलीन वायू सोडतं आणि शेजारच्यांनाही पिकवतं. न्हावा शेवा बंदर, जहाज, तिकडचं क्लिअरन्स हे सगळं धरून कापणीपासून कंटेनर उघडेपर्यंत दोन आठवडे सहज जातात. तेवढ्यात काही खोकी पिवळी पडली की खरेदीदार फोटो पाठवतो आणि बिलातून पैसे कापतो.

मग शेतकरी वेळेवर कापू का देत नाही? कारण भाव किलोवर असतो. घड आणखी आठ दिवस झाडावर राहिला तर वजन वाढतं. शिवाय एप्रिल-मेच्या खानदेशी उन्हात घड तारखेच्या हिशेबापेक्षा लवकर भरतो. हिवाळ्यात बरोबर बसलेला दिवसांचा अंदाज उन्हाळ्यात चुकतो, आणि पॅकहाऊस मात्र त्याच अंदाजानं टोळी पाठवत राहतं.

एप्रिलमध्ये आबांच्या भाच्याच्या प्लॉटचा माल आला. पहाटे काम सुरू झालं. फण्या सोडवून तुरटीच्या पाण्यात चीक धुतला जात होता, खोकी भरली जात होती. कंटेनरची दीड हजारांच्या आसपास खोकी, प्रत्येकात १३ किलो. ताईनं सकाळीच काही घडांवर ४७, ४८ माप पाहिलं होतं. पण ती बोलली दुपारी, निम्म्याहून जास्त खोकी भरल्यावर, पॅकिंगच्या टेबलापाशी, बायका आणि शेतकरी दोघंही ऐकत असताना: “सॉरी हं भाऊ, मला वाटतं कदाचित माल थोडा जास्त भरलाय, म्हणजे तुम्हाला ठीक वाटत असेल तर काही नाही.”

भाऊ म्हणाले, “मग आता परत झाडाला लावू का?” सगळे हसले. ताईही हसली. माल गेला, शीटवर तिची सही गेली. तिकडे कंटेनर उघडला तेव्हा पिवळ्या खोक्यांचे फोटो आले आणि पैसे कापले गेले. आबांनी शीट मागवली. माप ४६ च्या वर लिहिलेलं, खाली ताईची सही. “लिहिलं होतं तर थांबवलं का नाही?” या प्रश्नाला तिच्याकडे उत्तर नव्हतं. भाऊ म्हणाले, ती बोलली होती, पण ठाम नव्हती. हे खरंच होतं. तिला ठाम राहू नकोस असं सांगणारेही तेच होते, ते मात्र त्या बैठकीत निघालं नाही.

या प्रकरणाकडे धीट माणूस आणि भित्रा माणूस अशा काट्यावर पाहिलं तर हाती काही लागत नाही. जुनी फटकळ ताई असती तरी दुपारी तोच माल गेला असता, कारण निम्मी खोकी भरलेला कंटेनर कुणाच्याही बोलण्यानं थांबत नाही. जहाजाची वेळ ठरलेली असते, मजुरी चढलेली असते. तिचं खरं बोलणं वाया गेलं ते दोन कारणांनी. ते अशा वेळी आलं की ऐकणाऱ्याच्या हातात काही उरलं नव्हतं. आणि ते अशा शब्दांत आलं की नाकारायला काही लागत नव्हतं. “तुम्हाला ठीक वाटत असेल तर” म्हटल्यावर समोरच्यानं “ठीक आहे” एवढंच म्हणायचं असतं.

पर्याय

घरून वडिलांचा सल्ला आला, “आपल्याला काय करायचंय? पगार येतोय ना, सही कर आणि गप्प रहा.” हा सल्ला हसण्यावारी नेण्यासारखा नाही, बहुतेक नोकऱ्या अशाच टिकतात. पण इथं गप्प राहण्याची किंमत तिच्याच सहीवर पडत होती. पुढचा प्रत्येक फोटो तिच्या नावावर लागला असता.

दुसरा विचार सोमवारच्या बैठकीत सगळ्यांसमोर बोलायचा. मन मोकळं झालं असतं, पण भाऊंना सगळ्यांसमोर स्वतःचा बचावच करावा लागला असता, आणि बचावाला बसलेला माणूस पद्धत बदलत नाही. खरेदीदाराच्या प्रतिनिधीला थेट कळवावं असं एका मैत्रिणीनं सुचवलं. ते ताईनं लगेच बाजूला ठेवलं. आतल्या माणसांना एकदाही नीट न सांगता बाहेर जाणं तिला पटलं नाही, आणि ते बरोबरच होतं. माल आरोग्याला घातक असता तर हिशेब वेगळा लागला असता. इथं प्रश्न पिकण्याचा होता. नोकरी सोडायची वाट उघडी होती, पण मे महिन्यात, हंगामाच्या मध्यात, दुसरीकडे जागा लगेच मिळणार नव्हती.

राहिला आबांशी समोरासमोर बोलायचा पर्याय. त्यातही कुठं आणि केव्हा हे ठरवायचं होतं. आबा म्हणाले होते, “संध्याकाळी घरी ये, निवांत बोलू.” ताईनं नम्रपणे नको म्हटलं. घरी गेलं की काकू चहा-फराळ पुढे करणार, माहेरची चौकशी होणार, आणि पाहुणी म्हणून बसलेल्या मुलीच्या तोंडून “तुमचा माल बाद आहे” हे निघणं अवघड. तिनं कापणी नसलेला दिवस निवडला, सकाळी, पॅकहाऊसच्याच टेबलावर. आमच्या मते या प्रकरणातला सगळ्यात हुशार निर्णय हाच.

काय केलं

आदल्या रात्री तिनं तीन वाक्यं लॉट शीटच्या मागे लिहिली आणि मैत्रिणीला फोनवर वाचून दाखवली. मैत्रिणीचं काम एकच: पळवाट दिसली की टोकायचं. पहिल्या मसुद्याची सुरुवात “लहान तोंडी मोठा घास घेते, पण” अशी होती. ते गेलं. “राग मानू नका” गेलं. “कदाचित”, “म्हणजे”, “मला आपलं वाटलं” गेले. तिला भीती वाटली की एवढं काढल्यावर बोलणं उद्धट होईल. तसं होत नाही. “आबा” ही हाक आणि “तुम्ही” हे सर्वनाम वडीलधाऱ्याचा मान पुरेपूर ठेवतात, त्यासाठी मुद्दा पातळ करावा लागत नाही. उरलेली वाक्यं अशी:

“आबा, या हंगामात मी चार वेळा ४६ च्या वरचं माप लिहिलंय आणि चारही वेळा माल कंटेनरला गेला. खोकी भरल्यावर सांगून उपयोग नाही, म्हणून कापणीच्या आदल्या दिवशी मी शेतात जाऊन मोजणार, आणि माप बसलं नाही तर तो प्लॉट निर्यातीला लावायचा नाही. हे जमणार नसेल तर लॉट शीटवर माझी सही राहणार नाही.”

पहिल्या वाक्यात नोंद, दुसऱ्यात मागणी, तिसऱ्यात ती स्वतः काय करणार हे. तिसरं धमकीसारखं वाटू शकतं. धमकी दुसऱ्याला होणाऱ्या त्रासाची असते. इथं ती स्वतःच्या सहीबद्दल बोलत होती, आणि ती सही तिच्याच हातातली होती.

टेबलावर तिनं चार शीट, कॅलिपर आणि दोन केळी ठेवली. एक ४३ चं, एक ४८ चं. दोन्ही हिरवी, रंगावरून फरक कळत नव्हता. तिनं सुरीनं दोन्ही आडवी कापली. पहिल्याचा गर पांढरा, दुसऱ्याचा मध्ये साईसारखा पिवळट. आबांनी स्वतः केळं उचलून उजेडात धरलं, नखानं गर दाबून पाहिला.

मग आबा गप्प बसले. अशा शांततेत तिची जुनी सवय उफाळून यायची, “तसं काही नाही आबा, मी आपलं सुचवलं” असं म्हणून सगळं मागे घ्यायची. या वेळी तिनं पेन हातात धरलं आणि वाट पाहिली. आबांनी विचारलं, “मग हा माल टाकून द्यायचा का?” याचं उत्तर तिच्याकडे तयार होतं. उत्तर भारतात ट्रकनं जाणाऱ्या मालाला जास्त भरलेली केळी चालते, तो प्लॉट तिकडे माल पाठवणाऱ्या व्यापाऱ्याला बोर्डाच्या, म्हणजे बाजारात जाहीर होणाऱ्या भावात द्यायचा. भाव निर्यातीपेक्षा कमी, पण कापून घेतलेल्या बिलापेक्षा बरा. नुसतं “नको” ऐकून घ्यायला जड जातं. माल कुठं जाईल हे सोबत सांगितलं की ऐकणारा निदान आकडेमोड करायला लागतो. आबांनी तेच केलं.

उठताना आबा हसून म्हणाले, “बोलायला मात्र तू अमळनेरचीच.” ताई म्हणाली, “मी अशीच बोलस आबा. माप चुकलं तर माले सांगा, बोलणं ऱ्हाऊ द्या.” हे वाक्य कागदावर नव्हतं.

ठरलेली पद्धत अशी. कापणीच्या आदल्या दिवशी दुपारनंतर प्लॉटमध्ये तिरकं एका कोपऱ्यापासून दुसऱ्या कोपऱ्यापर्यंत चालायचं आणि दहा घड मोजायचे. बांधाकडेचे घड घ्यायचे नाहीत, त्यांना ऊन-वारा जास्त लागतो आणि माप फसवतं. दहापैकी दोन ४६ च्या वर निघाले तर आणखी दहा मोजायचे. तरीही तेच आलं, किंवा कापलेल्या केळ्याचा गर पिवळट दिसला, तर प्लॉट निर्यातीतून बाहेर. निर्णय शेतकऱ्याला शेतातच सांगायचा, एकट्याला, मजूर आणि शेजारी नसताना. भाऊंची मूळ तक्रार एवढ्यानं मिटते, आणि त्यासाठी ताईला गोड बोलावं लागत नाही. आबांनी हे चार आठवड्यांसाठी मान्य केलं.

परिणाम

त्या चार आठवड्यांत दोन प्लॉट बाहेर गेले. एक शेतकरी चिडला आणि पुढच्या वेळी दुसऱ्या पॅकहाऊसला गेला. पाठवलेल्या मालावर पिकल्याची तक्रार आली नाही. याचं सगळं श्रेय मोजमापाला देणं धाडसाचं होईल, मधे उन्हाचा कडाकाही थोडा उतरला होता.

तिसरा प्लॉट तिनं थांबवला तो मात्र चुकीनं. भाऊंनी स्वतः जाऊन फेरमोजणी केली, माप ४५ च्या आत. ताईनं घाईत बांधाकडचे घड घेतले होते. तिनं तिथंच सांगितलं, “माझं माप चुकलं, माल घ्या,” आणि शीटवर दुरुस्ती लिहून तारीख टाकली. त्यापलीकडे विनवणी नाही आणि सारवासारवही नाही. स्वतःबद्दल माफी न मागता जगायचं म्हणजे चूक कबूल करायची नाही असा काहींचा समज असतो. इथं उलट दिसलं. उठसूट सॉरी म्हणणारी ताई चूक झाल्यावर बोलली असती तर ते सॉरी कुणाला ऐकूही आलं नसतं. या एका दुरुस्तीनंतर भाऊंनी तिच्या मापावर वाद घालणं जवळपास सोडलं.

भाऊ बरेच दिवस तिच्याशी थेट बोलत नव्हते. “ताईला सांगा गाडी आली” असं दुसऱ्याकडून निरोप. पगार तेवढाच राहिला. आबांच्या भाच्यानं एका लग्नात तिच्या बोलीची नक्कल करून दाखवली, तेही तिच्या कानावर आलं. अहिराणी ती आता टेबलावर बिनधास्त बोलते.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात महाग पडलं ते भाऊंना वगळणं. आबांकडे जाण्याआधी अर्धा तास तीच तीन वाक्यं भाऊंना ऐकवता आली असती: “मी आज आबांना हे सांगणार आहे, तुम्हाला आधी कळावं.” परवानगी मागायची नाही, नुसतं कळवायचं. भाऊंनी थांबवायचा प्रयत्न केला असता, हे शक्य आहे. पण नंतरचा अबोला बराच कमी झाला असता.

बोलण्याच्या ओघात तिनं एकदा “तुमच्या भाच्याचा माल” असं म्हटलं. गट नंबर पुरेसा होता. नातं काढल्याबरोबर आबांचा चेहरा बदलला आणि दोन मिनिटं बोलणं केळीवरून घराण्यावर गेलं. यावर ताईचं म्हणणं वेगळं आहे: भाच्याचा म्हणूनच माल थांबला नव्हता, मग ते का लपवायचं? तिचा मुद्दा बिनतोड आहे. तरीही पहिल्या बैठकीत मागणी पद्धत बदलण्याची होती, आणि पद्धत लागू झाली की भाचा आपोआप तिच्यात येतो. पद्धत लागूनही भाचा सुटत राहिला असता, तर नात्याचं नाव काढायची वेळ ती होती.

सहीचा निर्णय एप्रिलमध्येच घेता आला असता. बोलणं जमत नसेल त्या दिवशी शीटवर “माप ४८, निर्यातीस अयोग्य” एवढं लिहून सहीची जागा कोरी ठेवणं हेही स्पष्ट बोलणंच होतं, आणि त्याला चारचौघांत हसता आलं नसतं.

शेतकऱ्यांच्या बाजूचं काम राहून गेलं. कमळ निसवलं, म्हणजे केळफूल बाहेर पडलं की त्या आठवड्याच्या रंगाची फीत घडाला बांधली तर घडाचं वय झाडावरच दिसतं, आणि कापणीच्या तोंडावरचा निम्मा वाद उरत नाही. हे पुढच्या मृगबागेपासून, म्हणजे पावसाच्या सुरुवातीला लावायच्या बागेपासून, करायचं ठरलं आहे. फीत पॅकहाऊसनं द्यायची की शेतकऱ्यानं विकत घ्यायची यावर अजून घोडं अडलंय.

ताईची वाट सगळ्यांना जमेल असं मात्र समजू नये. तिच्यामागे पदवी होती, माहेरची थोडी शेती होती, नोंदी स्वतःच्या हातात होत्या. पॅकिंगच्या टेबलावरच्या बायकांना माल जास्त भरलाय हे तिच्याआधी दिसतं, कारण फण्या त्याच सोडवतात. पण त्यांची रोजंदारी मुकादमाच्या शब्दावर आहे. त्यांना “बिनधास्त बोला” म्हणणं म्हणजे आपलं ओझं त्यांच्या डोक्यावर ठेवणं. म्हणून त्यांच्यासाठी वेगळी सोय केली: संशय आला की क्रेटला लाल फीत बांधून टेबलाखाली सरकवायचा, कुणी बांधली ते विचारायचं नाही. पहिले काही दिवस एकही क्रेट सरकला नाही. मग मुकादम फिती सोडून क्रेट परत ओळीत लावतो हे लक्षात आलं. आता फितीचे क्रेट ताई स्वतः उचलते आणि किती निघाले ते लॉट शीटवर लिहिते.